विहिरीत गेलेला गोळा

कुंडली नदीवरचे धुके अजून विरले नव्हते, डोंगरमाथा नुकता तांबूस होत होता, आणि आज वारसा म्हणून जपलेल्या वाघोशीच्या काळ्या दगडी स्टेशनात बंदूकधारी पोलिसांनी भरलेली गाडी धापा टाकीत उभी होती. साल बेचाळीस. पुढच्या आंबेवणीत लोकांनी कचेरीवर तिरंगा चढवला होता आणि तो राखायला बायकापोरांसह सारे गाव तिथे बसले होते. स्टेशनमास्तर नारोपंत खांबेट्यांची लेक गोदूही त्यांच्यात होती.

त्या एकेरी मार्गाचा दंडक कडक होता. यंत्रातून निघालेला लोखंडी गोळा हाती पडल्याखेरीज ड्रायव्हरने गाडी हलवायची नाही; आणि तो पुढच्या स्टेशनात पोचेपर्यंत यंत्र दुसरा गोळा देत नसे.

"मास्तर, आवरा!" फौजदार गरजले. "ऊन चढायच्या आत तिथं बार उडाले पाहिजेत."

"जशी आज्ञा."

पेन्शन दाराशी आलेल्या नारोपंतांनी यंत्रातून गोळा काढला, कोटाची गुंडी लावली आणि इंजिनापर्यंत शांतपणे चालत जाऊन शेजारच्या विहिरीत तो सोडून दिला.

"पोरगी तिकडं बसलीय म्हणून हा माज?"

"ती घरी चुलीपुढं असती, तरी गोळा तिथंच गेला असता, फौजदारसाहेब."

फौजदारांनी पिस्तूल ड्रायव्हर कासीममियाँवर रोखले. "चल, हाक गाडी!"

कासीममियाँने हात पुसले. "गोळा द्या हुजूर, आत्ता हाकतो."

"मी हुकूम देतोय ना!"

"तुमचा हुकूम मी ऐकला. समोरून इंजिन आलं, तर त्याला कोण ऐकवणार?"

डब्यातल्या दोन शिपायांना हसू आवरेना. गोळ्याविना निघणाऱ्या गाडीत बसून राहण्याची हिंमत मात्र कोणालाच होईना.

अखेर पलटण घाट चढत पायी निघाली. रानवाटेने वर्दी आधीच पोचली होती. घामाघूम शिपाई आंबेवणीत शिरले तेव्हा गाव रानात पांगले होते आणि कचेरीवर झेंडा डौलाने फडकत होता.

नारोपंतांना बेड्या पडल्या, पेन्शन बुडाली. कासीममियाँचीही नोकरी गेली. दुसऱ्या दिवशी नवे मास्तर आले आणि गोळा काढायला त्यांनी दवंडी पिटून पोहणारे बोलावले.

वाघोशी नदीकाठचे गाव. तिथली पोरे चालण्याआधी पोहायला शिकत. पण त्या दिवशी साऱ्या गावात पोहता येणारा एकही माणूस सापडला नाही.