आता दुसऱ्या पायाने

ही गोष्ट खरी आहे. ज्याला हसू येईल त्याने आधी माझ्या मामेभावाचा पाय बघून यावा.

तो फुटबॉलचा कोच. मुलांसाठी छोट्या फिल्म बनवायचा. कॅमेरा आणि एडिटिंग त्याच्या बहिणीकडे, आमच्या ताईकडे. पद्धत ठरलेली. आधी चूक दाखवायची, मग बरोबर, आणि शेवटी तेच दुसऱ्या पायाने.

त्या रविवारी संध्याकाळी विषय होता टॅकल, म्हणजे घसरत जाऊन समोरच्याच्या पायातला बॉल काढणं. मैदान रिकामं. खेळाडूच्या जागी प्लास्टिकचा कोन ठेवलेला.

"मागून घुसणं म्हणजे चूक. बघा!" म्हणत तो घसरला. कोन उडाला.

"पाणी पिऊन येतो, मग बरोबरचं घेऊ. पोट दिसत असेल तर काप गं."

"मग उरेल काय?" ताई हसली आणि मैदानालगतच्या खोलीत लॅपटॉप उघडून बसली.

हेडफोनमध्ये आधी आवाज आला... बुटांचा. धावणाऱ्या दुसऱ्याच बुटांचा.

पडद्यावर भाऊ घसरला. पण कोनाच्या जागी...

पाय होता. पांढरा मोजा घातलेला.

कडाड्!

नडगीचं हाड मोजा फाडून बाहेर आलं. गवत लाल झालं.

तो पाय ताईने ओळखला. कॉलेजच्या फायनलमध्ये भावाने समोरच्या टीममधल्या एका पोराचा पाय असाच मागून मोडलेला. जखम चिघळली आणि तो पोरगा हॉस्पिटलमध्येच दगावला. "खेळात चालायचंच," भाऊ म्हणायचा. ताईला ते कधीच पटलं नव्हतं.

पडद्यावर पाटी आली. 'आता बरोबर.'

पण तो भाग अजून शूटच झाला नव्हता!

तेच मैदान. भाऊ पाठमोरा, हातात बाटली. आणि मागून... पांढरे मोजे धावत येत होते.

ताई खिडकीकडे झेपावली. "अरे, मागे बघ!"

"काय गं?" तो वळला. मागे कुणीच नव्हतं.

कडाड्!

गुडघ्याखालचा पाय उलटा फिरला. हाड बाहेर आलं. तो किंचाळत कोसळला आणि रक्त बाटलीपर्यंत वाहत गेलं.

ॲम्ब्युलन्सला फोन लावायला ताई वळली. लॅपटॉपवर शेवटची पाटी थांबली होती.

'आता दुसऱ्या पायाने.'

फाइल तिने तेव्हाच उडवली. भाऊ आता कुबडीवर चालतो. घरातसुद्धा तो उठला की ताई त्याच्या मागे मागे जाते. तो वैतागतो, चिडतो. ती हटत नाही.

कारण तिच्याही मागून... बुटांचा आवाज येतो.