निळ्या पट्टीखालचं नाव

बकुळाच्या पत्राला ओमकारने आठ महिने उत्तर दिलं नव्हतं. वहीचं एकच पान होतं, तेही अर्धं. त्याला ते पाठ होतं, तरी तो खिशातून काढून वाचायचा, आणि दर वेळी घडीवर कागद थोडा आणखी फाटायचा.

'मी बाबांचं नाव टाकलं होतं, असं मला वाटतं. गावात सगळे म्हणतात, न्हाय टाकलं. पोटची पोर बापाला विसरली. आता मलाबी खात्री वाटत न्हाय. तुम्ही बघून सांगा. फोनवर तुम्ही माझं मन राखायला हो म्हणाल, म्हणून लिहून द्या.'

ओमकार काल्हेरच्या गोदामांना प्रोग्राम करून द्यायचा. त्यातल्या एका गोदामाच्या फाटकावर बकुळा बसायची. गणेशपुरीहून एसटीने यायची. तिचे बाबा, राघो, तिथेच माल चढवायचे. आत जाणाऱ्याचं नाव तिने कॉम्प्युटरवर टाकायचं, तो बाहेर पडला की काढायचं. पडद्यावर वरती निळी पट्टी, खाली नावांची यादी. शेवटी आत गेलेल्याचं नाव सगळ्यांच्या वर. तिसऱ्याच दिवशी तिने त्याला बोलावून घेतलं.

"साहेब, तुमचा प्रोग्राम माणसं गिळतो हाय."

"आज कोणाला गिळलं?"

"काशीकाकीला. आत गेली, पण दिसत न्हाय... पट्टीखाली गेली."

"थांबा, ओकायला लावतो."

ती हसली — तोंडावर ओढणी धरून, डोळे मात्र बाहेर ठेवून. ओमकारला माउस कुठे ठेवला ते काही क्षण सापडेना.

चूक साधी होती. फॉर्मवर, म्हणजे पडद्यावरच्या त्या चौकटीत, प्रत्येक भागाला जागा क्रमाने मिळते. कडेच्या पट्ट्यांनी आधी आपापली कड धरायची आणि उरलेली जागा भरणाऱ्या यादीने शेवटी बसायचं. त्याने यादीला पहिला नंबर दिला होता. तिने सगळा फॉर्म व्यापला आणि पट्टी तिच्या डोक्यावर येऊन बसली. क्रम बदलला की झालं.

ते त्याने केलं नाही. यादी नुसती बोटभर खाली सरकवली. कोणी अक्षरं मोठी केली की पट्टी जाड होणार आणि वरचं नाव परत झाकणार, हे त्याला ठाऊक होतं. मग बकुळा परत बोलावणार होती...

तिने बोलावलंही. दर वेळी चहा आणि काहीतरी टोमणा. चौथ्या खेपेला तिने पानात करवंदं आणली होती. ती पुढे सरकवत म्हणाली, "एक विचारू, साहेब? तुम्हाला हे काम जमत न्हाय... की इथं यायला आवडतं?"

त्याच्या कानाच्या पाळ्या तापल्या. तो "बघतो" एवढंच म्हणाला आणि यादी पुन्हा बोटभर खाली सरकवून निघून आला.

पुढच्या आठवड्यात एका शुक्रवारी बकुळाची ड्युटी दोनला संपली. त्यानंतर फाटकावर बसलेल्या माणसाने डोळ्यांना त्रास नको म्हणून अक्षरं मोठी केली. चार वाजता गोदामातला एक उंच रॅक कोसळला. सगळे धावत बाहेर आले. सुपरवायझर हरेशने पडद्यावरची नावं एकेक करून पुकारली. प्रत्येक नावाला ओ आली. म्हणून आत कोणी शोधलं नाही.

राघो पोत्यांखाली अडीच तास होते. पाय गुडघ्याच्या वर कापावा लागला. लवकर आणलं असतं तर कदाचित वाचला असता, असं डॉक्टर म्हणाले. बकुळाला कामावरून काढलं.

पत्र आलं त्याच दिवशी ओमकारने प्रोग्राममधली त्या शुक्रवारची नोंद उघडून पाहिली. 'राघो. आत. एक वाजून चोपन्न मिनिटं.' त्यानंतर कोणी आत गेलंच नव्हतं. नाव सगळ्यांच्या वर होतं.

होय, टाकलं होतं, एवढं लिहिलं की तिची सुटका होती. पण मग ती विचारणार, दिसलं का नाही? त्या प्रश्नाला तो आठ महिने भीत राहिला.

परवा त्याला त्याच फाटकावर बोलावलं. तिथे आता सफिया बसते. ती कॉम्प्युटरवर नाव टाकून पुन्हा वहीतही लिहीत होती. का, म्हणून त्याने विचारलं, तर मान वर न करता म्हणाली, "स्क्रीन पे भरोसा नहीं, भाई. पहलेवाली तो अपने अब्बाकाच नाम भूल गई थी."

ओमकारला 'नाही' म्हणायचं होतं. त्याने लॅपटॉप उघडला, फॉर्मवरची यादी क्रमात शेवटी नेली, नवा प्रोग्राम तिच्या कॉम्प्युटरवर टाकला. सफियाने अक्षरं दुप्पट मोठी करून पाहिली. एकही नाव हललं नाही.

"बस? इतनाच था?"

"इतनाच," तो म्हणाला, आणि त्याला तिथे उभं राहवेना.

आधी त्याने चार पानं लिहिली. सगळी स्वतःबद्दलच होती; फाडून टाकली. मग त्या शुक्रवारच्या नोंदीचा छापील कागद काढला. त्याची एक प्रत, खाली 'चूक माझी' असं लिहून, गोदामाच्या ऑफिसात दिली. मॅनेजर म्हणाला, लेखी कशाला देता, तोंडी सांगा. त्याने लेखीच दिलं. दुसऱ्या प्रतीसोबत लिहिलं:

'बकुळा, तुम्ही नाव टाकलं होतं. वेळ कागदावर आहे. बाबांना दाखवा, गावाला दाखवा. नाव झाकलं गेलं ते माझ्यामुळे. मला दुरुस्ती येत होती. मी केली नाही, कारण तुम्ही मला बोलवावं असं वाटायचं. तुम्ही विचारलंत तेव्हा हे सांगायला हवं होतं. माझं तुमच्यावर प्रेम होतं, आहे. त्याची किंमत तुमच्या बाबांनी दिली. माफी मागायलाही लाज वाटते.'

भिवंडीच्या पोस्टात खिडकीमागच्या बाईंनी पाकीट वजनाला ठेवलं, उलटून पाहिलं आणि परत सरकवलं.

"पाठवणाऱ्याचा पत्ता राहिलाय, भाऊ."

राहिला नव्हता, त्याने टाळला होता. मागे रांग चुळबुळत होती. ओमकारने दोरीला बांधलेलं पेन उचललं, पूर्ण नाव लिहिलं, मग गल्ली, इमारत, मजला, खोली नंबर... बाईंनी त्यावर शिक्का मारला आणि पाकीट मागच्या पोत्यात टाकलं.