समासातलं बेट

"माझं घर कुठं घालवलंत?"

दारातला माणूस रागावला होता, पण हातातली कसुआमीची, वाफवलेल्या कसाव्याची, पुडी मात्र त्यानं अलगद धरली होती. वा-सारफियानं मान वर केली. त्या काळी इंडोनेशियातल्या बाऊबाऊ बंदरात कागदी नकाशे संगणकावर चढवून देणारी ती एकटीच. पानापानावर अक्षांश-रेखांश बसवायचे, कोरे समास कापायचे, मग सगळी पानं सांधून बोटीवरच्या यंत्रासाठी एकच नकाशा करायचा. संध्याकाळी घरी जायची घाई नसे. मलेशियाला गेलेल्या नवऱ्याचं सात वर्षांत एकच पत्र आलं होतं... तेही तलाकचं.

"कुठलं घर, कप्तान?"

"बेटावरचं. छोटंसं बेट. पानात मावेना म्हणून छापणाऱ्यांनी समासात काढलं होतं. आणि तुम्ही समास—"

"कापला." ती ओशाळली. "चुकलंच माझं. तिथं राहतं कोण?"

"मी. एवढी वस्ती पुरत नाही का?"

तिला हसू आलं. कितीतरी दिवसांनी.

"समासात अक्षांश-रेखांशाच्या रेघा नसतात. बेटाच्या तीन टोकांचे आकडे आणा, मग बसवते."

कप्तान ला-हमदिन बारा दिवसांनी परत आला. तिनं कागद वाचला. विहीर. आईनं मांडलेली चूल. ओसरीवरच्या बाकाचं डावं टोक.

"अहो, हे तर सगळं एकाच घरातलं! नकाशावर एकच ठिपका होईल. टोकं सांगितली होती ना?"

"ऐकलं होतं मी."

"मग?"

"पुन्हा यायला निमित्त नको?"

तिनं कागदात नजर लपवली. "या बाकावर... डावीकडे कोण बसतं?"

"कोणीच नाही. मी उजवीकडे बसतो." तो थांबला. "पुढच्या आठवड्यात पश्चिमेचा वारा सुटेल. मग तीन महिने बोट येणार नाही."

तीन महिने... तिनं कागदाची घडी घातली.

"आकडे मीच तिथं येऊन घेतले असते," ती हळूच म्हणाली, "पण तलाक झालेली बाई अशीच कुणाच्या बोटीत बसते का?"

"इमामांना विचारून आलोय. शुक्रवारी निकाह लावायला मोकळे आहेत."

"आणि मी नाही म्हटलं असतं तर?"

"तर कसुआमी एकट्यानं खाल्ली असती. रोजच्यासारखी."

शनिवारी दोघांना घेऊन बोट निघाली. यंत्राच्या पडद्यावर पुढं नुसता निळा समुद्र होता. समोर मात्र एक हिरवं बेट वर येत होतं, आणि ओसरीवर बाक.


"डावीकडे ना?" तिनं विचारलं.