हिसाची पुरवणी

दोन हजार पाच सालचा श्रावण होता. जेवण उरकून जयवंती जव्हारच्या एसटी स्टँडवर गेली. तिच्या भावानं, कमलेशनं, ठाण्याच्या गाडीच्या कंडक्टरकडे एक पाकीट दिलं होतं. पाकिटात सीडी होती. ती पदराखाली जपत, धुक्यातून वाट काढत जयवंती आपल्या कॉम्प्युटर क्लासवर परतली. असल्या पावसात तीनची बॅच काही येत नव्हती. तिनं दार लोटलं आणि कोपऱ्यातला कॉम्प्युटर चालू केला.

या सीडीची वाट खरं तर दोघींनी पाहिली होती. दुसरी तिची मैत्रीण पुष्पलता, मूळची खोडाळ्याची, इथल्या शाळेत शिक्षिका. आदल्या वर्षी कमलेशनं एक जपानी गेम पाठवला होता. गेम म्हणायचा इतकंच. ती वाचायची कादंबरीच होती. पडद्यावर चित्र, कानावर जपानी आवाज आणि खाली कुणा हौशी मंडळींनी इंग्रजीत आणलेल्या ओळी. माऊस दाबला की पुढची ओळ. पुष्पलता जयवंतीच्या डावीकडे बसून त्या ओळी आपल्या बोलीत मोठ्यानं सांगायची. म्हातारीचा आवाज वेगळा, पोरीचा वेगळा. बर्फात अडकलेल्या डोंगरातल्या धर्मशाळेची गोष्ट होती ती. तिथं चहा देणारी हिसा नावाची मुलगी मध्येच नाहीशी व्हायची, आणि पुढे कुणी तिचं नावसुद्धा काढत नसे.

"अगं, मग हिसाचा काय झाला?" पुष्पलता चिडली होती. "असा अर्ध्यात सोडायचा असतो का माणसाला?"

त्याच गेमची पुरवणी निघालीय, आणि ती सगळी हिसाचीच आहे, असं कमलेशनं कळवलं तेव्हा दोघी हरखून गेल्या. "माझ्याबिगर उघडलीस तर बघ!" पुष्पलतानं बजावलं होतं.

वैशाखात तीन दिवसांच्या तापानं पुष्पलता गेली.

जयवंतीनं सीडी आत सारली.

पहिल्याच चित्रानं तिला धरून ठेवलं. संगीत नाही, काही नाही. नुसता छपरावरून बर्फ घसरल्याचा आवाज. तीच धर्मशाळा, तेच लोक, पण आता सगळं दाराआडून, हिसाच्या उंचीवरून दिसत होतं. आधी ऐकलेलं प्रत्येक बोलणं इथं निराळंच लागत होतं. लिहिणाऱ्यानं या पोरीला विसरून टाकलं नव्हतं. पहिल्यापासून राखून ठेवलं होतं. काय माणूस असेल तो, असं जयवंतीच्या मनात आलं. ती वाचत गेली...

आणि मग तिच्या ध्यानात आलं, की आपण वाचतच नाही आहोत. आपण ऐकतोय.

"बाहेर कुणी तरी हाय..." डावीकडून हलकेच आवाज आला. "पण दार वाजवीत नाही..."

तेवढं बोलून झालं, आणि मग ती ओळ पडद्यावर उमटली.

जयवंतीच्या मानेवर काटा आला. ओल्या केसांचा, खोबरेलाचा वास आला. उठून पळावं, पण दाराशी उभ्या असलेल्या हिसाला तसंच टाकून कसं जायचं? तिनं मान वळवली नाही.

"पुढं?" ती पुटपुटली.

आवाज पुढं सांगू लागला. शेवटी हिसानं दार उघडलं. बाहेर बर्फात तिला कुणी तरी नावानं हाक मारली, आणि ती हसली. पडदा काळा झाला. जयवंतीचे डोळे वाहत होते.

"किती सुंदर गं," ती म्हणाली. "बघ, सोडलं नाही तिला."

मग पडद्यावर एकही ओळ नसताना आवाज आला. या वेळी तो घाबरलेला होता.

"जयू... मी तुझे डावीकडं हाय ना?"

"हो..."

"मग तुझे उजवे अंगाला कोण बसलाय?"

उजव्या अंगाला खेटूनच भिंत होती. कितीतरी वेळानं जयवंतीनं न बघताच तिच्यावर तळवा टेकवला. आठवडाभराच्या पावसानं भिंत वरपासून खालपर्यंत ओली, गार पडली होती. फक्त तिच्या खांद्याच्या उंचीवर हातभर जागा कोरडी होती... आणि अंगासारखी ऊबदार.