दाजी, येऊ का वर?

दार लोटून घे रे, वारा आत येतोय. आणि कुणाला हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. ज्याची ही गोष्ट, तो माणूस माझ्याबरोबर धक्क्यावर कामाला होता. वादळाचा भोंगा वाजवायचं कामही त्याच्याकडेच, म्हणून आम्ही त्याला भोंगेवालाच म्हणायचो.

बेटावरचा तो भोंगा टेकडीवरच्या खोलीत होता, बॅटरीवर चालायचा. वादळांचे महिने सरले तसं हा गडी एका संध्याकाळी वर गेला आणि बॅटरी घरी घेऊन आला. टीव्हीला जोडली. लाइट गेली तरी मॅच चालू. बॅटरीवर लाल रंगात ‘भोंगा’ लिहिलेलं, ती बाजू भिंतीकडे केली. बायकोला सांगितलं, लाँचवरची जुनी आहे. भर उन्हाळ्यात कसलं आलंय वादळ?

आलं. ध्यानीमनी नसताना आलं.

बायकोनं खालच्या वस्तीतल्या भावाला फोन लावला. “दादा, वर ये रे.”

तो म्हणाला, “घाबरतेस काय? भोंगा वाजला की निघतो.”

भोंगेवाल्यानं ते ऐकलं. बायकोची नजर चुकवून बॅटरी उचलली आणि टेकडीकडे पळत सुटला. पोचेपर्यंत खालची वस्ती पाण्यात गेली होती. भोंगा न वाजवताच बॅटरी खोलीत कुलपात ठेवून परतला. दादा सापडलाच नाही.

“भोंगा वाजवलात ना हो?” बायकोनं विचारलं.

“वाजवला की. वाऱ्यात ऐकू गेला नसेल.”

तिनं विश्वास ठेवला. वर त्यालाच म्हणाली, तुम्ही तरी काय करणार. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण खरं काही तोंडातून निघेना.

वादळानंतरचा पहिला शनिवार. मध्यरात्र उलटलेली. लाइट अजून आली नव्हती. खिडकीशी कुणीतरी आलं.

“दाजी...”

मेव्हण्याचा आवाज. नेहमीसारखाच, निवांत.

“भोंगा वाजला का? येऊ का वर?”

हा उठून बसला. शेजारी बायको झोपलेली.

“दाजी... वाजला का?”

नाही म्हणावं, तर ती ऐकेल. हो म्हणावं, तर...

“वाजला,” तो पुटपुटला. मेलेल्या माणसाशीही खोटंच बोलला.

बाहेर शांत झालं.

मग कडी निघाली. आतली.

पावलं नाहीत. काहीतरी जड जमिनीवर टेकलं.

मग... काहीच नाही.

बायको उठली, तिनं मेणबत्ती लावली. टीव्हीखाली बॅटरी. टेकडीवर कुलपात ठेवलेली, तीच. पाणी निथळत होतं. लाल अक्षरं खोलीकडे.

तिनं ती वाचली.

“ही त्या रात्री इथंच होती?”

तो मान खाली घालून बसला. ती पुन्हा काही बोलली नाही. त्याच्याशी तर कधीच नाही.

मी गेलो होतो त्या घरी. बॅटरी केव्हाच हलवलीये. पण तिथली फरशी ओलीच असते, कितीही पुसा. मी बोट लावलं, जिभेवर ठेवलं.

खारट.