परवामणी

सह्याद्रीच्या पोटात, एका सोडून दिलेल्या जलविद्युत प्रकल्पाच्या बोगद्यात, कालपरावर्तन प्रयोगशाळा वसलेली होती. तिच्या अंतर्दालनात काचेच्या पेटीमध्ये सुपारीएवढा एक धुरकट मणी ठेवलेला असे. बोगदा खोदताना काळ्या पाषाणाच्या पोकळीत तो सापडला होता. त्यासारखा दुसरा मणी पृथ्वीवर अन्यत्र कोठेही आढळला नव्हता. वयोवृद्ध भूवैज्ञानिक प्रा. त्र्यंबक गोरक्षकर यांनी त्याचे नाव ‘परवामणी’ असे ठेवले होते.

हे नाव सर्वस्वी सार्थ होते. मण्याजवळ झालेला आवाज मण्यातून दोनदा परत येई. दोन दिवसांनंतर ऐकू येई तो उत्तरनाद, आणि बोलण्याच्या दोन दिवस आधीच ऐकू येई तो पूर्वनाद. मात्र पाच अक्षरांहून अधिक काही त्यात मावत नसे, आणि प्रत्येक नाद मूळ आवाजापेक्षा बराच क्षीण असे.

“तळ्यात खडा टाकला, तर लाट एकाच काठाला जाते का?” प्रयोगशाळेच्या प्रमुख डॉ. कुमुद रणपिसे नेहमी म्हणत. “मण्यातला कंपही काळाच्या दोन्ही काठांना सारखाच जातो. मागचे कोणते आणि पुढचे कोणते, हे त्याला ठाऊक नाही.”

“आपल्या भाषेला तरी कुठे ठाऊक आहे?” गोरक्षकर हसत. कुमुद ही त्यांची जुनी विद्यार्थिनी. “आज सोमवार. परवा म्हणजे शनिवारही आणि बुधवारही. ज्याने हा शब्द घडवला, त्याच्या खिशात असा एखादा मणी असणार बघ.”

हा संवाद झाला त्याच सोमवारी, सकाळच्या चहानंतर, दोघे अंतर्दालनात उभे असताना मणी बोलला. आवाज इतका बारीक होता की तो स्त्रीचा की पुरुषाचा, हेही उमगले नाही.

“परवा छत.”

दोघांनीही वर पाहिले. छतातून गेला महिनाभर पाणी झिरपत होते.

“उत्तरनाद असेल,” गोरक्षकर म्हणाले. “शनिवारी गवंडी येणार होता. तो बडबडला असेल काहीतरी.”

कुमुदने पहारेकऱ्याला दूरध्वनी लावला. “शिदोबा, परवा गवंडी आला होता का?”

“येनार हाय की परवा.”

“येणार नव्हे हो! येऊन गेला का?”

“परवा न्हाई आला. म्हनून तर परवा येतो म्हनला.”

“शिदोबा, शनिवारी दालन कोणी उघडले होते का?”

“न्हाई बाई. किल्ली माझ्या कमरेला व्हती.”

कुमुदने दूरध्वनी खाली ठेवला. शनिवारी दालनात कोणीही बोललेले नव्हते. म्हणजे तो उत्तरनाद नव्हता, पूर्वनाद होता. बुधवारी कोणीतरी मण्यापाशी उभे राहून छताविषयी सांगणार होते.

“फार बारीक आला पण,” गोरक्षकर पुटपुटले.

“बोलणारा लांब उभा असेल, सर. बुधवारी दालन बंद.”

बुधवारी पाहणी समिती येणार होती. तिच्या अहवालावर प्रयोगशाळेचे भवितव्य अवलंबून होते. तथापि कुमुदने समितीला बोगद्याच्या तोंडावरूनच परत पाठवले, गवंड्यालाही येऊ दिले नाही, आणि दालनात केवळ एक ध्वनिलेखक यंत्र चालू ठेवून दाराला कुलूप घातले. सर्व मंडळी दिवसभर बाहेर करवंदीच्या जाळीपाशी बसून राहिली. संध्याकाळपर्यंत काहीही घडले नाही.

“समिती गेली, छत राहिले,” गोरक्षकर म्हणाले. तो टोला कुमुदला लागला.

गुरुवारी सुट्टी होती. शुक्रवारी चहा झाल्यावर गोरक्षकरांनी दालनातून ध्वनिलेखक आणून कुमुदपुढे ठेवला आणि मण्याचे वजन करण्यासाठी ते पुन्हा आत गेले. कुमुदने बुधवारचा दिवस ऐकावयास आरंभ केला. प्रारंभी केवळ पाण्याची टपटप होती. नंतर एकाएकी, स्पष्ट आणि धापा टाकत, तिचा स्वतःचाच आवाज आला.

“परवा छत.”

कुमुद निश्चल झाली. बुधवारी तर दालनात कोणीच नव्हते; म्हणजे हे मणीच बोलला होता. आणि मण्याला बोलणारा कोण याच्याशी कर्तव्य नव्हते. माणसाचा आवाज असो की त्याचा स्वतःचा, त्याच्या दृष्टीने तो आवाजच. बुधवारी निघालेला नाद त्याने पुन्हा मागे सोमवारपर्यंत पोहोचवला होता. सोमवारी ऐकला तो नादाचा नाद होता, म्हणूनच तो इतका बारीक होता. खरा पूर्वनाद बुधवारचा, आणि तो ऐकण्यास, तिच्याच आज्ञेमुळे, दालनात एकही कान नव्हता. बुधवारपासून परवा म्हणजे आज.

सोमवारी मणी बोलला होता, तीच ही वेळ होती.

ती धावली. गोरक्षकर तराजूवर वाकले होते. तिने त्यांचा दंड धरून त्यांना दाराकडे ओढले.

“अगं, चष्मा! झाले काय?”

“छत, सर! आज!”

“कोणी सांगितले?”

“मीच.” हा शब्द उच्चारताच ती उंबरठ्यावर थबकली. तिने अद्याप काहीच सांगितले नव्हते. सांगितले नाही, तर ऐकले कोणी असते? वरून बारीक खडी गळू लागली होती. गुरुजींना बाहेर लोटून ती माघारी वळली, तराजूतल्या मण्यावर ओणवी झाली आणि धापा टाकत म्हणाली, “परवा छत.”

ती दाराबाहेर पडली आणि मागे छत कोसळले. पुष्कळ वेळ धुळीवाचून काही दिसले नाही.

रविवारी दोघे पुन्हा तेथे आले. समितीचे पत्र अजून आलेले नव्हते. पाषाणांच्या ढिगाला कान लावून ते शांतपणे थांबले.

“पाचच अक्षरे, कबूल,” गोरक्षकर म्हणाले. “पण ‘परवा’ कशाला म्हणालीस? वाराचे नाव घ्यायचे. ‘शुक्र छत’, चार अक्षरांत काम!”

“जे ऐकले होते तेच म्हणता आले, सर.”

तेवढ्यात ढिगाच्या तळातून कुमुदचा आवाज आला. “परवा छत.”

गोरक्षकरांनी समाधानाने मान हलवली. “चूक नाही गं त्याची. बुधवारीही खरे बोलला, आजही खरेच बोलला.” ते काठी टेकत उठले. “मंगळवारी मात्र ऐकायला येऊ नकोस. तेव्हा सोमवारसारखा पुन्हा बारीक आवाजात चुकेल.”