पुकारा न झालेला अर्ज

दोन भावांनी घराच्या वाटणीचा दावा अकरा वर्षं चालवला आणि एका सकाळी तडजोड करून मोकळे झाले. मागे उरले एकोणीस अर्ज. छप्पर कोणी दुरुस्त करायचं, कुलूप कोणाचं लावायचं, फोटो काढू द्यायचे की नाही. मूळ दावाच संपल्यावर त्यात काही दम उरला नव्हता. कोर्टातल्या कारकुनाने तो गठ्ठा पुढ्यात ओढला आणि एकेका अर्जावर तीच ओळ लिहायला घेतली: 'दावा निकाली निघाला, सबब अर्ज निरर्थक.'

इथला रिवाज असा, की मेलेल्या अर्जाचाही पुकारा व्हायचा. शिपायाने व्हरांड्यात जाऊन अर्जदाराच्या नावाने तीन हाका मारायच्या, मगच ती ओळ. पण आज शिपायाचा घसा बसला होता.

"कोण येणार आहे, साहेब? उगाच बोंबलायचं."

"राहू दे," कारकून म्हणाला. त्यालाही घरी जायची घाई होती. आईला डॉक्टरांकडे न्यायचं होतं. तिचे गुडघे पार कामातून गेले होते. जिना नको म्हणून तर त्याने हौसेने बैठं घर घेतलं होतं.

एकोणिसाव्या अर्जावर ओळ लिहून झाली आणि मग त्याचं लक्ष मजकुराकडे गेलं. वकिलाची सही नव्हती. निळ्या शाईतलं तिरपं बायकी अक्षर होतं.

'मी माडीवर राहते. मला हाक मारून माझं ऐकल्याशिवाय मला घराबाहेर काढू नये.'

मागच्या पानावर अकरा वर्षांच्या तारखा होत्या. प्रत्येक तारखेपुढे त्याच्याच हस्ताक्षरात लिहिलं होतं: अर्जदार हजर.

त्याला चेहरा काही केल्या आठवेना.

"ही बाई दिसायला कशी होती रे?"

"मला काय ठाऊक?" शिपाई म्हणाला. "हजर म्हणून तुम्हीच लिहायचात. मला वाटायचं, तुम्हाला दिसते."

तेवढ्यात थोरला भाऊ निकालाची नक्कल न्यायला आला. कारकुनाने सहज विचारल्यासारखं केलं.

"तुमच्या माडीवर कोण राहायचं हो?"

"कसली माडी? आमचं घर बैठं आहे."

कारकुनाने अर्ज पुन्हा उचलला, तर बोटाला शाई लागली. पत्त्याची ओळ ओली होती. पत्ता त्याच्या स्वतःच्या घराचा होता.

"पुकारा कर! आत्ताच्या आत्ता!"

शिपायाने बसक्या आवाजात तीन हाका मारल्या. व्हरांड्यातून कोणी आलं नाही.

फोन वाजला. आईचा होता.

"अरे, तू कुणाला पाठवलंयस का? एक बाई तुझ्या नावाने हाका मारतेय. दोन झाल्या."

"आई, दार उघडू नकोस!" तो ओरडला.

"दारात कुठे? वरून मारतेय."

फोनमधून त्याला तिसरी हाक ऐकू आली. त्याचं पूर्ण नाव, कोर्टात लांबवतात तसं लांबवलेलं.

"ऐकलंस?" आई म्हणाली. "थांब जरा, जिना उतरतेय ती."